तबलजी कुठाय? (नॅट किंग कोल, तीन माणसं आणि दहा इंची टीव्ही)

तिसरीघंटा, रविवार रात्री १०.१२

दुपारी जेवून यूट्यूबवर जुनंपानं लावून पडलो होतो. आई शेजारी शेंगा सोलत बसलेली. तिच्या भजनी मंडळात पेटी तीच वाजवते, त्यामुळे कुठलंही गाणं लागलं की गाणाऱ्याआधी ती साथीदार बघते. पडद्यावर तिघं होते. पियानोवर एक देखणा कृष्णवर्णीय तरुण, एक गिटारवाला, आणि माणसाएवढा उभा बास घेऊन तिसरा. दोन मिनिटं ऐकून आईनं विचारलं, "तबलजी कुठाय?"

नाहीच आहे. हे किंग कोल ट्रायो. १९३७ मध्ये लॉस एंजेलिसला जमलेलं त्रिकूट : नॅट कोल, गिटारवर ऑस्कर मूर, बासवर वेस्ली प्रिन्स आणि नंतर जॉनी मिलर. ठरलेला ड्रमर पहिल्या दिवशी आलाच नाही आणि तिघांनीच वेळ मारून नेली असं सांगतात. वेळ अशी मारून नेली की पुढे आर्ट टेटम, ऑस्कर पीटरसनसारख्या दिग्गज पियानोवादकांनी तोच सरंजाम उचलला : पियानो, गिटार, बास, बस्स. मग ठेका कोण धरतं? बासवाला प्रत्येक मात्रेला एक स्वर टाकत चालत राहतो. गिटारवाला गरज पडली की चारही मात्रांवर तारा छेडतो आणि लगेच हाताने दाबून टाकतो, "छक छक". आईला हे दाखवल्यावर तिचं म्हणणं, "मग चिपळ्याच की त्या."

तिनं आणखी दोन गोष्टी टिपल्या. एक, "हा पेटीकडे बघतच नाही." खरंच नाही बघत. अंग पियानोला तिरकं, हात पट्ट्यांवर, आणि चेहरा सगळा आपल्याकडे. बोटं जणू दुसऱ्या कुणाची. दुसरी, "हात पुढे जातोय नि सूर मागून येतोय." ते मी यूट्यूबच्या माथी मारलं.

आता मला काय म्हणायचंय ते. ही फीत सुरुवातीच्या टीव्हीवरची असावी, आणि मला वाटतं असलं हलकंफुलकं, दबक्या आवाजातलं जॅझ आणि तो टीव्ही एकमेकांसाठीच जन्माला आले. १९४६ साली आरसीए कंपनीचा जो संच अमेरिकेत घराघरांत जायला लागला त्याचा पडदा दहा इंचांचा होता. आपल्या जेवणाच्या ताटाहून लहान! त्यावर सोळा जणांचा बँड दाखवला तर मुंग्यांची रांग दिसणार. तिघं असतील तर तिघांचे चेहरे दिसतात. शिवाय ऐकणारे घरात, सोफ्यावर, पोरं झोपलेली. नाचघरातला ट्रम्पेट तिथे कशाला? दिवाणखान्यात पाहुणा जेवढ्या आवाजात बोलेल तेवढ्याच आवाजात हे लोक वाजवतात.

जाणकारांनी भर घालावी, चुकलं असेल तर कान उपटावेत.

रिकामा_डबा, रविवार रात्री १०.४०

आईंच्या निरीक्षणाला सलाम. लेखाला नाही, कारण लेख फार लवकर संपला.

माडावरचा, रविवार रात्री ११.०५

पहिला नंबर हुकला. उद्या लिहितो, घरच्याच विषयावर हात घातलात.

खडूस_मास्तर, सोमवार सकाळी ७.३०

कान उपटायची परवानगी दिलीच आहे तर उपटतो.

तुम्ही बघितलंत ते टीव्हीवरचं नाही. पुरावा तुमच्याच लेखात आहे. गिटारवर ऑस्कर मूर आहे म्हणता. मूर १९४७ मध्ये ट्रायोतून बाहेर पडला. आणि १९४८ च्या मार्चपर्यंत अमेरिकेतल्या टीव्हीवर वादकांना प्रत्यक्ष वाजवायला बंदी होती! सरकारची नव्हे, त्यांच्याच संघटनेची. अमेरिकन फेडरेशन ऑफ म्युझिशियन्सचा अध्यक्ष जेम्स पेट्रिलो हा एकदम कडक गडी. ध्वनिमुद्रिका आणि रेडिओ यांमुळे वादकांच्या पोटावर पाय येतोय म्हणून त्यानं १९४२ मध्ये रेकॉर्डिंगच बंद पाडलं होतं. टीव्ही आल्यावर त्याचा सवाल तोच : आमच्या लोकांना यात किती मिळणार ते आधी ठरवा, तोवर कॅमेऱ्यासमोर कुणी वाद्य उचलायचं नाही. करार झाला आणि बंदी उठली तेव्हा दोन टीव्ही कंपन्यांत शर्यत लागली. २० मार्च १९४८ ला सीबीएसनं फिलाडेल्फिया ऑर्केस्ट्रा दाखवला आणि दीडेक तासानं एनबीसीनं तोस्कानिनी या संगीत-संचालकाचा वाद्यवृंद. म्हणजे तुमच्या त्या दहा इंची ताटात पहिल्याच दिवशी शंभराच्या आसपास मुंग्या वाढल्या गेल्या.

मग ती फीत कसली? साउंडी. १९४० च्या सुमाराला शिकागोच्या मिल्स नॉव्हेल्टी कंपनीनं पॅनोरम नावाचं यंत्र काढलं. कपाटाएवढा ज्यूकबॉक्स, वरच्या भागात पडदा. दहा सेंटचं नाणं टाकलं की तीन मिनिटांचा गाण्याचा चित्रपट. आत सोळा मिलिमीटरच्या एकाच रिळावर आठ फिती जोडलेल्या असत आणि त्या ओळीनं येत. तुमची पाळी आली की जे असेल ते बघा, निवड नाही! प्रोजेक्टरचं चित्र आरशांवरून फिरून पडद्याच्या मागून पडायचं, म्हणून फितीची प्रत मुद्दाम उलटी छापत. ती तशीच कुणी चढवली की सगळे गिटारवाले डावखुरे दिसतात.

साउंडीमध्ये आवाज आधी ध्वनिमुद्रित करायचे आणि चित्रीकरणाच्या वेळी वादक नुसते हात हलवायचे. आपल्याकडच्या प्लेबॅकसारखंच. तेव्हा "हात पुढे नि सूर मागून" यात यूट्यूबचा दोष शून्य. मातोश्रींना माझा साष्टांग नमस्कार सांगा.

तिसरीघंटा, सोमवार सकाळी ९.१५

मास्तर, कान लाल झाले. आईला सांगितलं. ती म्हणाली, "मग मी काय म्हणत होते?"

पण मग तिरकं बसून आपल्याकडे बघणं टीव्हीसाठी नव्हतं तर कशासाठी?

खडूस_मास्तर, सोमवार सकाळी ९.४०

क्लबातल्या गिऱ्हाइकांसाठी. कॅमेऱ्याला ते आयतं मिळालं.

खरा टीव्हीचा ट्रायो बघायचा असेल तर 'स्नेडर टेलिस्क्रिप्शन' शोधा. १९५० ते ५२. दोन कार्यक्रमांच्या मधली भोकं बुजवायला स्थानिक केंद्रांना तीन-तीन मिनिटांच्या फिती लागत, त्या लुई स्नेडर नावाच्या माणसानं बनवून विकल्या. यात वादक कॅमेऱ्यासमोर खरोखर वाजवत. एलिंग्टन, लायोनेल हॅम्प्टन, बरेच जण आहेत. नॅटसोबत तिथे गिटारवर अर्व्हिंग ॲशबी, बासवर जो कम्फर्ट आणि, आईंना सांगा, बोंगोवर जॅक कॉस्टान्झो.

पेटीवाला_पेठकर, सोमवार दुपारी १.२०

हलकं जॅझ आणि टीव्ही म्हणताय आणि जॉर्ज शिअरिंगचं नाव अजून कुणी घेतलं नाही? निषेध.

लंडनच्या बॅटरसीचा, जन्मांध, १९४७ मध्ये अमेरिकेत आला आणि १९४९ मध्ये त्यानं पंचक जमवलं : पियानो, व्हायब्राफोन, गिटार, बास, ड्रम. व्हायब्राफोन म्हणजे जलतरंगाचा धातूचा चुलतभाऊ समजा. पट्ट्यांवर काठीनं वाजवायचं आणि खालच्या नळ्यांच्या तोंडावरच्या चकत्या मोटारीवर फिरत असतात, त्यामुळे स्वर थरथरतो. तो वाजवायला मार्जी हायम्स नावाची बाई. १९४९ साली एका बँडमध्ये आंधळा इंग्रज पियानोवर, गोरी बाई व्हायब्राफोनवर, आणि बास-ड्रमवर जॉन लेव्ही व डेन्झिल बेस्ट हे दोघे कृष्णवर्णीय. गिटारवर चक वेन. त्या वेळच्या अमेरिकेत ही मंडळी एका हॉटेलात उतरूही शकली नसती अशी कितीतरी गावं होती. लेव्ही पुढे बास ठेवून शिअरिंगचा मॅनेजर झाला. या धंद्यातल्या पहिल्या कृष्णवर्णीय मॅनेजरांपैकी तो एक.

आता मुद्द्याचं. शिअरिंगचा 'तो' आवाज कसा निघतो हे घरच्या कॅसिओवर करून बघता येतं. सफेद एकपासून सा धरा. उजव्या हातानं ग, प, ध आणि वरचा सां एकदम दाबा. डाव्या हातानं फक्त खालचा सा. म्हणजे चाल सगळ्यात वरही आहे आणि सप्तकभर खालीही, मध्ये तीन स्वर कोंबलेले. आता चाल रेंवर गेली तर हात उचलून सगळाच्या सगळा गठ्ठा सरकवायचा : उजव्यात म, कोमल ध, नि, रें, डाव्यात रे. परत सांवर या. ऐकलंत? हात एकमेकांना कुलूप लावल्यासारखे एकत्र चालतात, म्हणूनच याला 'लॉक्ड हँड्स' म्हणतात. पद्धत मिल्ट बकनरनं आधी रुळवली होती. शिअरिंगची अक्कल पुढची : वरच्या चालीला व्हायब्राफोन चिकटवला, खालच्या चालीला गिटार, आणि ड्रमरच्या हातात काठ्यांऐवजी तारांचे ब्रश दिले. पाच जण वाजवतायत आणि कानाला एकच वाद्य वाटतं, जे जगात कुठल्याच दुकानात मिळत नाही.

मी हे पहिल्यांदा पेटीवर करायला गेलो. डावा हात भात्यावर. अर्धा शिअरिंग झाला.

रिकामा_डबा, सोमवार दुपारी १.३१

अर्धा शिअरिंग!! :))

जास्वंद, सोमवार दुपारी ३.००

बाळबोध प्रश्न. हे 'हलकं' जॅझ म्हणजे शास्त्रीयच्या तुलनेत सुगम, तसं काही आहे का? की जाणकार नाक मुरडतात म्हणून हलकं?

पेटीवाला_पेठकर, सोमवार दुपारी ३.२५

दोन्ही. शिअरिंगला 'कॉकटेल संगीत' म्हणून हिणवणारे समीक्षक होतेच. पण जे ऐकताना सोपं वाटतं ते वाजवायला बसा एकदा. पाच जणांनी एकत्र श्वास घ्यायचा आणि कुणीही वर डोकं काढायचं नाही, हे तानांच्या पावसापेक्षा अवघड आहे.

याच जातीचा आणखी एक सांगतो : आर्ट व्हॅन डॅम. वाद्य ॲकॉर्डियन! १९४५ पासून पंधरा वर्षं एनबीसीच्या शिकागो स्टुडिओत पगारी नोकर. रोज डबा घेऊन जायचं आणि रेडिओला, टीव्हीला लागेल ते वाजवायचं. त्याचंही पंचक शिअरिंगच्याच घाटाचं, फक्त पियानोच्या जागी ॲकॉर्डियन. टीव्हीच्या सुरुवातीच्या काळात असे स्टाफवरचे वादक प्रत्येक मोठ्या केंद्राकडे होते. नाव कुणाला ठाऊक नसायचं, हात सगळ्यांच्या ओळखीचे.

माडावरचा, सोमवार रात्री ९.५०

ॲकॉर्डियन निघालं आणि मी परत आलो. पुण्याचे इनॉक डॅनियल्स, मुंबईचे केरसी लॉर्ड ही माणसं त्याच गोत्रातली. 'रूप तेरा मस्ताना'मधलं ॲकॉर्डियन केरसी लॉर्डचं. ते कान देऊन ऐका आणि मग व्हॅन डॅम ऐका.

माझे आजोबा गोव्याहून मुंबईला बँडात वाजवायला आले. सॅक्सोफोन. धोबीतलावच्या कुडात राहायचे (कूड म्हणजे गावकऱ्यांचं वसतिगृह, एका खोलीत दहा ट्रंका). घरी सगळे म्हणायचे, आजोबा टीव्हीवर का नाही दिसले? कसे दिसणार. दिल्लीला टीव्ही आला १५ सप्टेंबर १९५९ ला आणि मुंबईत २ ऑक्टोबर १९७२ ला. तोवर हॉटेलांतल्या बँडांचे दिवस उतरणीला लागले होते. आमच्या हळदोण्याचा चिक चॉकलेट, खरं नाव अँटोनियो झेवियर वाझ, ज्याला मुंबईचा लुई आर्मस्ट्राँग म्हणत, तो १९६७ मध्येच गेला. पाच वर्षं आधी.

पण त्याला बघायचंय ना? 'अलबेला' लावा. १९५१. भगवानदादांचा सिनेमा, संगीत आपल्या सी. रामचंद्रांचं, आणि पडद्यावर झालरीच्या बाह्या घातलेला चिक आणि त्याचा बँड. अमेरिकेत स्नेडर फिती बनवत होता त्याच काळातलं. आमच्याकडे टीव्हीचं काम सिनेमानं केलं एवढंच. मी ते गाणं थांबवून थांबवून मागची माणसं बघतो. त्यात आजोबा नाहीत. तरी बघतो.

जास्वंद, सोमवार रात्री १०.०२

<3

एडिसनची_सून, मंगळवार सकाळी ६.१०

इथे न्यू जर्सीत रात्र आहे, झोप उडवलीत. मूळ लेखाशी मी अजिबात सहमत नाही.

"हलकं जॅझ आणि टीव्ही एकमेकांसाठी जन्माला आले" हे ऐकायला गोड आहे. पण टीव्हीने या ट्रायोचं काय केलं ते बघा. नॅट कोलला स्वतःचा कार्यक्रम मिळाला ५ नोव्हेंबर १९५६ ला, एनबीसीवर, सोमवारी संध्याकाळी, पंधरा मिनिटांचा. तोवर ट्रायो मोडून पाच वर्षं होऊन गेलेली. कार्यक्रमात तो बहुतेक वेळ उभा राहून गातो, मागे नेल्सन रिडलचा भरगच्च वाद्यवृंद. पियानोवर बसतो ते मधूनच, पाहुण्यांना आपण घडवलेली एखादी जुनी वस्तू दाखवावी तसा. तुमच्या आईंना जो माणूस आवडला त्याला टीव्हीने (आणि त्याआधी रेकॉर्डच्या खपाने) पियानोवरून उठवलं. दहा इंची पडद्याला चेहरा हवा होता. बोटं नकोच होती.

आणि पैशाचं तर विचारूच नका. तेव्हा कार्यक्रम चालायचा प्रायोजकाच्या जिवावर. साबणवाला, सिगारेटवाला, गाडीवाला कुणीतरी अख्खा कार्यक्रम विकत घ्यायचा. नॅटला देशपातळीवर एकही प्रायोजक मिळाला नाही. प्रेक्षक होते, नाव होतं, हिट गाणी होती. पण कृष्णवर्णीय माणसाच्या कार्यक्रमाला आपलं नाव जोडलं तर दक्षिणेतली गोरी गिऱ्हाइकं तुटतील ही भीती. ही भीती हवेतली नव्हती. त्याच वर्षी एप्रिलमध्ये अलाबामातल्या बर्मिंगहॅमला नॅट गात असताना गोऱ्या गुंडांनी रंगमंचावर चढून त्याला खाली पाडलं होतं.

एनबीसीने खर्च सोसून वर्षभर कार्यक्रम चालवला, १९५७ च्या जुलैत अर्ध्या तासाचा केला. न्यूयॉर्ककडे ऱ्हाइनगोल्ड बिअरसारखे प्रादेशिक प्रायोजक मिळाले, पण त्यात भागेना. एला फिट्झगेराल्ड, पेगी ली, बेलाफॉन्टे, मेल टॉर्मे असे लोक संघटनेच्या किमान दराने येऊन गायले, मैत्रीखातर. मास्तरांच्या त्या कडक पेट्रिलोच्या संघटनेसारख्याच संघटनांनी ठरवलेला तो किमान दर, गंमत आहे ना? १७ डिसेंबर १९५७ ला शेवटचा भाग. नॅट म्हणाला, मॅडिसन ॲव्हेन्यूला अंधाराची भीती वाटते. मॅडिसन ॲव्हेन्यू म्हणजे न्यूयॉर्कमधली जाहिरात कंपन्यांची गल्ली. इंग्रजीत 'डार्क' म्हटलं की दोन्ही अर्थ लागतात, मराठीत काळोख आणि काळा एवढे जवळ येत नाहीत.

त्याच्याही आधी हेझल स्कॉट. त्रिनिदादमध्ये जन्मलेली, पियानोवर बाख सुरू करून कधी बुगी-वुगीत (पियानोवरच्या नाचऱ्या ठेक्यात) शिरेल पत्ता लागायचा नाही. १९५० च्या जुलैत ड्यूमाँट नेटवर्कवर तिचा पंधरा मिनिटांचा कार्यक्रम सुरू झाला. कम्युनिस्ट म्हणून संशयितांच्या एका यादीत नाव आलं, ती स्वतःहून संसदेच्या समितीपुढे जाऊन ठणकावून बोलली, आणि आठवड्याभरात कार्यक्रम बंद. सप्टेंबर संपायच्या आत.

तेव्हा दिवाणखान्यातला पाहुणा वगैरे ठीक आहे. पाहुणा कुणाला मानायचं हे घरमालक ठरवत नव्हता, साबणवाला ठरवत होता.

तिसरीघंटा, मंगळवार सकाळी ९.००

ताई, निम्मं पटलं. प्रायोजकाबद्दल शंभर टक्के. पण "बोटं नकोच होती" हे नाही पटलं. १९५७ च्या ऑक्टोबरमधला ऑस्कर पीटरसन ट्रायोचा भाग बघा. त्यात वीस वर्षांपूर्वी स्वतःच रुळवलेला सरंजाम नॅटच्याच कार्यक्रमात पाहुणा म्हणून येतो : पियानो, गिटार, बास. हे टीव्हीनंच दाखवलं. आणि स्नेडरच्या फिती? त्यात तर बोटंच बोटं आहेत.

एडिसनची_सून, मंगळवार सकाळी ९.२०

त्या फिती म्हणजे मास्तरांच्याच शब्दांत 'भोकं बुजवायला'. माझाच मुद्दा झाला. बोटांना जागा मिळाली ती दोन कार्यक्रमांच्या मधल्या फटीत.

खडूस_मास्तर, मंगळवार सकाळी १०.४५

एडिसनताई जिंकल्या. माझेच शब्द माझ्यावर.

एक पुरवणी. हे भाग आज दिसतात ते किनेस्कोपमुळे. व्हिडिओटेप १९५६ मध्ये नुकती आली होती आणि भयंकर महाग होती. म्हणून स्टुडिओतल्या मॉनिटरच्या काचेसमोर फिल्म कॅमेरा लावायचा आणि चालू प्रक्षेपण काचेवरून टिपायचं. आपण घरच्या टीव्हीचा मोबाईलवर व्हिडिओ काढतो ना, तस्सं. म्हणून चित्र असं धुरकट, कडा वाकलेल्या.

दुसरी पुरवणी ड्रमरची. १९३७ मध्ये जो आला नाही म्हणतात तो ली यंग, सॅक्सोफोनवाल्या लेस्टर यंगचा भाऊ. १९५३ पासून नॅटच्या मागे ड्रमवर कोण? हाच ली यंग. सोळा वर्षं उशिरा का होईना, आला.

रिकामा_डबा, मंगळवार सकाळी १०.५२

आमच्या प्लंबरपेक्षा बरा.

पेटीवाला_पेठकर, मंगळवार दुपारी १२.१५

नॅट उभा राहिला म्हणून पियानो गेला असं समजू नका. १९५६ मध्येच, म्हणजे कार्यक्रमाच्याच वर्षी, तो गिटार-बास-ड्रम आणि चार पाहुणे घेऊन 'आफ्टर मिडनाइट' ध्वनिमुद्रित करत होता. एकावेळी एक पाहुणा : हॅरी एडिसनचा ट्रम्पेट, स्टफ स्मिथचं व्हायोलिन. तिथे सबंध वेळ पियानोवर तोच आहे. आणि डिसेंबर १९६१ मध्ये उलटं : पियानोवर शिअरिंग, नॅट फक्त गातोय. या धाग्यातले दोघे एकाच खोलीत. पियानो सोडायचाच तर असल्या माणसासाठी सोडावा.

जास्वंद, मंगळवार रात्री ८.३०

कॅसिओवर ते ग प ध सां केलं. मुलगा आतून ओरडला, "लिफ्टमधलं गाणं लागलंय!" तेच असावं बहुतेक. रें वरचा गठ्ठा पकडायला दहा मिनिटं लागली, पण सांवर परत येताना काय बरं वाटतं.

तिसरीघंटा, मंगळवार रात्री ११.०५

मास्तरांनी सांगितलेली स्नेडरची फीत आज आईला दाखवली. आधी हात आणि सूर जुळतायत का ते तिनं तपासलं. जुळत होते. मग कॅमेरा बाजूला सरकला आणि बोंगो घेतलेला कॉस्टान्झो दिसला.

"आला वाटतं तबलजी," आई म्हणाली. गाणं संपेपर्यंत ऐकलं. मग शेंगांचं ताट उचलता उचलता, "नसता आला तरी चाललं असतं."

रिकामा_डबा, मंगळवार रात्री ११.०७

आईंना आयडी काढून द्या हो.